टांगेवाल्याची पोरगी मंगोलियात

आमच्या अण्णांचा टांगा होता, मिरज स्टेशनवर. त्यामुळे मी लहानपणापासून घोडा बघितला तो मागून. पुठ्ठे, शेपूट आणि दोन कानांच्या मधून दिसणारा रस्ता. समोरून बघायचा तो तोबरा बांधताना तेवढाच. अण्णा स्वतः मात्र कधी घोड्यावर बसले नाहीत. एकदा विचारलं तर म्हणाले, दिवसभर ओढतंय ते बास की, वर आणि बसून काय करू त्याच्या.

हे आधी सांगतेय कारण सगळ्यांनी एकच प्रश्न विचारला, या वयात हे काय खूळ. पोस्टातून साठाव्या वर्षी रिटायर झाले, मग शनिवार रविवार कोल्हापूरला जाऊन रायडिंग शिकले, तीन वर्षं. तिथली पोरं मला काकू म्हणायची आणि माझ्यापेक्षा जास्त पडायची. मधे कुठेतरी ॲनी विल्किन्सबद्दल वाचलं. अमेरिकेतली शेतकरी बाई, वय बासष्ट, शेत हातचं गेलेलं, डॉक्टरांनी दोनचार वर्षंच उरलीत सांगितलेलं, तर ही बाई १९५४ च्या नोव्हेंबरात मेन राज्यातून टार्झन नावाचा घोडा आणि एक कुत्रं घेऊन निघाली, नकाशा नाही काही नाही, आणि १९५६ साली लॉस एंजेलिसला पोचली. पुढे १९८० पर्यंत जगली. मी नवऱ्याला वाचून दाखवलं. ते म्हणाले बरं, कुठे जायचंय तुला.

अख्खा देश घोड्यावरून पार केला असं मी म्हणणार नाही. मंगोलिया भारताच्या निम्म्याएवढा आहे. मी केला तो मधला तुकडा, खारखोरिन ते त्सेत्सेर्लेग, वळसे घेत, तेरा दिवस, तीनशेच्या आसपास किलोमीटर. मैत्रीण येणार होती, तिचं गुडघ्याचं ऑपरेशन निघालं, मग एकटीच.

दिवस १ (९ ऑगस्ट, शनिवार)

आदल्या दिवशी उलानबातरहून गाडीने खारखोरिनला आले. साडेतीनशे किलोमीटरच्या वर, रस्ता सरळ, दोन्हीकडे गवत, झाड औषधाला नाही. हे म्हणजे जुनं काराकोरम, चंगेझखानाचा मुलगा ओगेदेई खान याची राजधानी, १२३५ ला तटबंदी बांधली त्याने. आता राजधानीचं जमिनीवर जवळपास काहीच उरलेलं नाही, तिचे दगड शेजारच्या एर्देने झू मठाला लागले, १५८५ चा मठ, भिंतीवर एकशेआठ स्तूप. एर्देने हा शब्द फिरत फिरत आपल्या रत्न वरून आलाय म्हणे. मला जास्त कौतुक ओगेदेईच्या टपालाचं, ओर्तो म्हणतात त्याला, ठरावीक अंतरावर ठाणी आणि तिथे ताजे घोडे तयार. छत्तीस वर्षं पोस्टात काढल्यावर माणसाला असल्याच गोष्टी दिसतात.

मग घोडे आले. आम्ही तिघं, पन्नाशीचा घोडेवाला, बावीस वर्षांची दुभाषी पोरगी आणि मी, शिवाय सामानाचा चौथा घोडा. ही पोरगी मला एग्च म्हणायची, म्हणजे मोठी ताई. माझा घोडा तांबूस, बुटका, मान जाड, अण्णांच्या राजापेक्षा वीतभर तरी कमी. नाव विचारलं तर म्हणे झेर्द. झेर्द म्हणजे नाव नाही, तो रंग, तांबडा. इथे घोड्याला सहसा नाव ठेवतच नाहीत, रंगावरून ओळखतात. रंगांचे शब्द मात्र इतके की आपले अबलख, कुमैत, पंचकल्याणी सगळे त्यात बुडून जातील.

सूचना दोनच. डावीकडूनच चढायचं, आणि वर बसल्यावर जॅकेट काढायचं नाही, कापड फडफडलं की घोडा उधळतो. चालवायला चू म्हणायचं. मी सवयीने अण्णांसारखं जिभेने ट्टक ट्टक केलं, झेर्दने ढुंकून बघितलं नाही. चू म्हटलं, निघाला.

रात्री पौर्णिमा. आज घरी नारळीभात असणार हे आठवलं आणि समोर आलं उकडलेलं मटण, श्रावणात. माफ कर रे देवा म्हणून खाल्लं.

दिवस २

दुखतंय. कुठे दुखतंय ते लिहीत नाही.

मंगोल लोक दुडक्या चालीत बसत नाहीत, रिकिबीत उभे राहतात, तास तासभर, आणि वर गाणं म्हणतात. मी उभी राहिले की गुडघे कुरकुरतात, बसले की खोगीर. खोगीर लाकडी, पुढून मागून उंच, त्यावर गादी. मी त्यावर माझी शाल, त्यावर नवऱ्याचा जुना स्वेटर असं घालत गेले आणि मग एकटीच हसत सुटले, खोगीरभरती म्हणतात ती हीच की. ऑफिसात आयुष्यभर हा शब्द माणसांसाठी वापरला.

संध्याकाळी घोडेवाल्याने घोड्यांचे तीन तीन पाय चामड्याच्या पट्ट्यांनी बांधले आणि सोडून दिलं चरायला. चोदोर म्हणतात त्याला. आपल्याकडे हाच पायबंद. दाणा नाही, हरभरा नाही, घास नाही, जे काय ते रात्रभर स्वतः शोधून खायचं. अण्णांना हे पटलं नसतं. स्वतः उपाशी राहतील पण राजाचा हरभरा चुकायचा नाही.

दिवस ३

जंगल चढून तोव्खोन मठ. सतराव्या शतकात झानाबाझार नावाच्या लामाने बांधलेला, हा माणूस धर्मगुरू आणि शिल्पकारही, मंगोलियाच्या झेंड्यावर जे सोयोंबो चिन्ह आहे त्या नावाची लिपीसुद्धा त्याचीच. सोयोंबो म्हणजे आपलं स्वयंभू! दुभाषी पोरीला मी हे सांगितलं तर तिने शांतपणे माहितीये म्हटलं. माझा उत्साह तिला रोजच झेलायचा होता बिचारीला.

मठाच्या वर कड्यात एक अरुंद गुहा आहे, आईचं पोट म्हणतात, आत शिरून वळून बाहेर आलं की नवा जन्म. मी शिरले. वळताना अडकले. घोडं अडलं अक्षरशः. आतून मी मराठीत ओरडतेय, बाहेर ती पोरगी मंगोलमध्ये हसतेय, शेवटी जॅकेट काढून आधी ते बाहेर फेकलं आणि मागून मी आले. नव्या जन्मातसुद्धा गुडघे जुनेच निघाले.

वाटेत खिंडीपाशी ओवो होता, दगडांचा ढीग, त्यावर निळी वस्त्रं बांधलेली. तीन प्रदक्षिणा, घड्याळाच्या दिशेने, आणि एक दगड टाकायचा. मी अण्णांच्या नावाने एक जास्तीचा टाकला.

दिवस ४ (१२ ऑगस्ट, मंगळवार)

आज अंगारकी. उपास करायचा हे मिरजेतूनच ठरवून आले होते, राजगिऱ्याचे लाडू, शेंगदाणे, खजूर बॅगेत. सकाळी पोरीला सांगितलं, आज जेवणार नाही, आज अंगारकी. ती थबकली, म्हणाली अंगाराग? म्हटलं तुला काय माहीत. तर म्हणे मंगळवारचं आमचं जुनं नाव तेच की. मग तिथेच घोडे थांबवून तिने आठवडा म्हणून दाखवला. आदिया रविवार, सुमिया सोमवार, अंगाराग, बुद, बार्खासबाद, सुगार, सांचिर. आता बघा, बार्खासबाद म्हणजे बृहस्पती आणि सांचिर म्हणजे शनैश्चर. बौद्ध ग्रंथांबरोबर गेलेले शब्द, वाटेत झिजले थोडे पण पोचले. डिलिव्हरी झाली म्हणायची.

दिवसभर ओर्खोन नदीच्या काठाने. हे खोरं २००४ पासून जागतिक वारसा यादीत आहे. रुंद, हिरवं, मधून नदी, कडेला काळा बसाल्ट, आपल्या सह्याद्रीचाच दगड, बघून बरं वाटलं. दुपारी एका गेरमध्ये थांबलो. गेर म्हणजे त्यांचा लोकरी नमद्याचा गोल तंबू, दार नेहमी दक्षिणेला. लांबूनच ओरडायचं, नोखोइ खोर, म्हणजे कुत्रा आवरा. दार ठोठावणं बिठावणं काही नाही. उंबऱ्यावर पाय द्यायचा नाही, हे मला कुणी शिकवावं लागलं नाही, आजीच्या चापट्या खाऊन शिकलेले आहे.

त्यांनी चहा पुढे केला, सूतेइ त्साइ, दूध पाणी आणि मीठ. उपासाला मीठ चालतं का? आमच्यात सैंधव चालतं. हे मीठ कुठलं ते विचारायला गेले असते तर त्या घरातले चहाचे भांडे घेऊन दिवसभर उभे राहिले असते. प्यायले.

चंद्र फार उशिरा उगवला, डोंगरामागून, मोठा, पिवळट. मोदक नव्हते. लाडूचा नैवेद्य दाखवला, अर्धा घोडेवाल्याला दिला, त्याने हुंगला आणि खिशात ठेवला.

दिवस ५

ओर्खोनचा धबधबा. उलान नदी वीसेक मीटर खाली पडते. छान आहे. गाड्या भरून माणसं, सेल्फी, कोपऱ्यात खुशूर तळण्याचा वास. खुशूर म्हणजे मटण भरलेली तळलेली करंजी, मी तीन खाल्ल्या, बॅगेतला कांदा लसूण मसाला काढून वर भुरभुरवला, घोडेवाल्याने चव घेतली आणि पाण्याची बाटली संपवली. धबधब्यापेक्षा हे जास्त लक्षात राहिलं.

दिवस ६

आज पडले.

नाइमन नूर म्हणजे आठ तळी, जुन्या ज्वालामुखीच्या दगडांत अडकलेलं पाणी, उंची अडीच हजार मीटरच्या जवळपास. गाडी तिथे नीट जात नाही म्हणून घोडा. पण घोड्याच्या वाटेवर एक पाऊल दगड, एक पाऊल चिखल, वरून हिरवंगार दिसतं आणि खाली पोट भरून पाणी. घोडेवाला पुढे गेला, मी मागे. मला डावीकडची जागा कोरडी वाटली, झेर्द तिकडे जाईना, मी लगाम ओढला, त्याने मान झटकली, मी आणखी ओढला, टाच मारली. गेला बिचारा. तिसऱ्या पावलाला पोटापर्यंत आत.

घोडा रुततो तेव्हा तो धडपडत उसळ्या मारतो, त्यातल्या दुसऱ्या उसळीला मी उजव्या बाजूला, मनगटावर. चिखल होता म्हणून वाचले. झेर्द स्वतःच बाहेर पडला आणि चार हातांवर जाऊन उभा राहिला, पळाला नाही. मी बसल्या जागेवरून त्याच्याकडे बघतेय, चष्म्यावर चिखल, आणि तो गवत खातोय.

घोडेवाला आला, हसला नाही, माझं मनगट दाबून बघितलं, बोटं हलवायला लावली, तुटलं नाही अशी मान हलवली, स्वतःचा कमरेचा शेला सोडून गुंडाळला. मग हसला. मग पोरीमार्फत म्हणाला, लगाम सैल सोड, तो जमीन हुंगतो, तू हुंगतेस का?

मला एकदम रात्रीची पॅसेंजर आठवली. शेवटचं भाडं सोडून अण्णा टांग्यातच झोपायचे, हातात लगाम नुसता लोंबत असायचा, राजा वळणं घेत घेत दारात येऊन उभा राहायचा आणि फुरफुरायचा. आई कंदील घेऊन बाहेर जायची आणि अण्णांना उठवायची. आम्हाला ते रोजचं होतं. त्यात विशेष काही आहे असं पन्नास वर्षांत वाटलं नव्हतं.

रात्री मनगट सुजलं. मुलाचा फोन लागला नाही ते बरंच झालं.

दिवस ७

शिरीत नूर, आठातलं सगळ्यात मोठं तळं. घोडेवाला म्हणाला आज कुठे जायचं नाही. बसले तळ्याकाठी. दुपारी गारा पडल्या, ऑगस्टात, तंबूवर ताशा वाजावा तशा. घोडे चौघंही वाऱ्याकडे पाठ करून उभे, माना खाली, संपेपर्यंत हलले नाहीत. नंतर ऊन. दगडी चेहऱ्याने पुन्हा गवत.

दिवस ८

परत खाली, मग उत्तरेला वळलो. लगाम सैल. झेर्द कुठून जायचं ते ठरवतो, मी गवताची फुलं बघते. एवढंच लिहिण्यासारखं आहे आणि आतापर्यंतचा सगळ्यात चांगला दिवस हाच.

दिवस ९

घोडेवाल्याच्या नात्यातल्यांचा मुक्काम. चार गेर, लांब दोरीला ओळीने बांधलेली शिंगरं, आणि एक आजी. वय एकाहत्तर. घोडीचं दूध काढत होती. शिंगरू सोडायचं, ते दोन घोट पितं, घोडीला पान्हा फुटतो, मग शिंगराला बाजूला ओढून आजी एका गुडघ्यावर बसते, बादली मांडीवर, झरझर झरझर, मिनिटभरात उठली. दोन तासांनी पुन्हा. दिवसातून पाच सहा वेळा, सगळ्या घोड्या. मी तिच्या गुडघ्यांकडे बघत होते. मी एकदा तसं बसून बघितलं, उठवायला दोघं लागली.

त्या दुधाचं ऐराग करतात. दाराजवळ चामड्याची मोठी पिशवी, आल्यागेल्याने रवीसारखा दांडा धरून घुसळायचं, हजारदा घुसळल्याशिवाय धड होत नाही म्हणतात. चव? कडक आंबलेलं ताक, त्यात बारीक फेस आणि मागून किंचित दारू. पहिला वाडगा जड गेला. दुसरा बरा वाटला. तिसऱ्यानंतर मी आजीला ज्ञानेश्वरांची रेडा आणि भिंतीची गोष्ट सांगितली असं पोरगी नंतर म्हणाली.

आजीने विचारलं, तुझ्याकडे घोडे किती? म्हटलं एकही नाही. तिने पोरीकडे वळून खात्री केली, भाषांतर चुकलं का म्हणून. मग विचारलं, वडिलांकडे? म्हटलं एक. एक! तिने माझ्या हातावर हात ठेवला, मनगट दुखावलंय म्हणून नव्हे, कीव आली म्हणून. मग सांगितलं की दीड वर्षापूर्वीच्या हिवाळ्यात, तो झूद म्हणतात तसा होता, बर्फावर बर्फ गोठत गेलं आणि गवत खाली अडकलं, जनावरं उभी मेली. त्या हिवाळ्यात देशभरात सत्तर लाखांच्या वर मेली, हिच्या घरची निम्मी. ती हे सांगताना शेणी चुलीत सारत होती. शेणीचा वास अगदी आपल्यासारखा. मला काय बोलावं सुचेना, मी नुसतं पुढे होऊन ऐराग घुसळायला लागले, डाव्या हाताने.

रात्री तिच्या नातवाने मोरिन खूर वाजवलं. घोड्याचं डोकं कोरलेलं, दोन तारा, त्याही घोड्याच्या केसांच्या, गजही केसांचा. मी सतारमेकर गल्लीतून शाळेत गेलेली पोरगी, वाद्य बघितलं की आधी उलटं करून जोड बघते, तसं बघितलं. तो बावरला. आमच्याकडे भोपळ्यापासून तंबोरे करतात हे पोरीने सांगितल्यावर आजी म्हणाली, भोपळा म्हणजे काय?

दिवस १०, ११

खिंडी, वारा, लार्चची जंगलं. आरूल चघळत. आरूल म्हणजे वाळवलेलं दही, दगड, एक तुकडा खिंडीच्या पायथ्याशी तोंडात टाकला तर माथ्यावर संपतो. माझी दाढेतली कॅप हलली म्हणून नंतर नुसतं चोखलं.

अकराव्या दिवशी सपाट गवतावर घोडेवाल्याने मागे वळून बघितलं, भुवया उडवल्या, आणि चू. झेर्दने मला विचारलं नाही. चौखूर. मी रिकिबीत उभी, गुडघे कुठे गेले कुणास ठाऊक, डोळ्यांतून पाणी, आणि तोंडातून जो आवाज आला तो टांगा घाईत असताना अण्णा काढायचे तो, हल्ल हल्ल हल्ल. किती वेळ ते सांगता येत नाही. दोन मिनिटं असेल.

दिवस १२

त्सेन्खेरचे गरम झरे. पाणी जमिनीतून ऐंशी अंशांच्या वर तापलेलं येतं, नळाने गार करून हौदात सोडतात. बारा दिवसांनी अंघोळ. एवढंच नाही, पडले ते तासभर उठलेच नाही. फोनला रेंज आली. मुलाला मनगटाचं सांगितलं नाही, नवऱ्याला सांगितलं. ते म्हणाले, आणि घोडा बरा आहे ना?

दिवस १३ (२१ ऑगस्ट)

त्सेत्सेर्लेग. शेवटचा टप्पा लहान. गावाची पत्र्याची छपरं दिसली, लाल, निळी, हिरवी, आणि मी झेर्दला हळू चालवायला बघत होते पण त्याने आधीच ठरवलं होतं. गावाच्या कडेला उतरले. तंग सैल केला, खोगीर मीच उतरवलं, पाठीवर घामाचा चौकोन. खरारा नव्हता, गवताच्या मुठीने पुसून काढलं, अण्णा पुसायचे तसं, मानेपासून मागे. राजगिऱ्याचा उरलेला लाडू हातावर धरला. हुंगला आणि सोडून दिला. मंगोल घोडा, गोडाची सवय नाही.

घोडेवाल्याला अजून पाच सहा दिवस घोडे घेऊन परत जायचं होतं. त्याला कांदा लसूण मसाल्याची पुडी दिली, ती त्याने मागून घेतली हे इथे नमूद करते. त्याने खिशातून काहीतरी काढून दाखवलं, अंगारकीचा अर्धा लाडू, तसाच, बायकोला दाखवणार म्हणे.

मग तीन घोडे एका दोरीला, चौथ्यावर तो, निघाले. झेर्द सगळ्यात मागे. एकदाही वळला नाही. पुठ्ठे, शेपूट, दोन कान. गेले.

पोरगी टपरीवरून ओरडली, एग्च, चहा, मीठ घालून की बिनमिठाचा?

घालून, म्हटलं.